पोट बुजवायचं आणि तोंड उकरायचं

नारळी पौर्णिमा झाली, होड्या पाण्यात पडल्या की कोकणातल्या कुठल्या ना कुठल्या खाडीच्या मुखाशी होडी वाळूवर बसल्याची बातमी येतेच. रत्नागिरीजवळ काजळी नदी समुद्राला मिळते, त्या भाट्ये खाडीचं दुखणं तर जुनंच आहे. ओहोटीला मुखातल्या वाळूच्या पट्ट्यावर इतकं थोडं पाणी उरतं की राजिवड्याच्या होड्यांना भरती चढेपर्यंत बाहेर थांबावं लागतं. घाई केली तर तळ टेकतो, होडी आडवी होते आणि मागून आलेली लाट तिला पालथी करते. मग मागणी होते, गाळ काढा. ज्यांचा जीव आणि पोट त्या पट्ट्यावर अडकलंय त्यांनी ती करणं अगदी रास्त आहे. चूक आहे ती मागणीला मिळणाऱ्या उत्तरात. निधी मंजूर होतो, ड्रेजर येतो, वाळू निघते आणि एक-दोन पावसाळ्यांत पट्टा पुन्हा जागेवर येतो. दरम्यान त्याच खाडीच्या वरच्या अंगाला खाजणात, म्हणजे भरतीला पाण्याखाली जाणाऱ्या काठच्या चिखलजमिनीत, भराव पडत असतो, रस्ता जात असतो, प्लॉट पडत असतात. ही दोन कामं दोन वेगळ्या खात्यांच्या फायलींत असतात, पण खाडी एकच असते. वर पोट बुजवायचं आणि खाली तोंड उकरायचं, हा व्यवहार थांबल्याशिवाय गाळ काढण्यावरचा पैसा वाळूतच जाणार, असं आमचं ठाम मत आहे.

तोंड आणि पोट यांचा संबंध नीट कळायला भरतीपासून सुरुवात करावी लागेल. आपल्या किनाऱ्यावर दिवसातून दोन भरत्या आणि दोन ओहोट्या. एका भरतीपासून दुसरी भरती सरासरी बारा तास पंचवीस मिनिटांनी, म्हणून रोजची वेळ सुमारे पन्नास मिनिटांनी पुढे सरकते. तिथीला पाऊणने गुणलं की भरतीचा तास मिळतो, हा कोळ्यांचा हिशेब त्यातूनच आला आणि तो आजही तासाभराच्या आत बसतो. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास उधाण, म्हणजे मोठी भरती, अष्टमीच्या आसपास भांग, म्हणजे लहान भरती. मुंबईत सरासरी उधाणाला पाणी साडेतीन मीटरहून अधिक चढ-उतार करतं, भांगाच्या दिवसांत दीड मीटरच्या आसपास. किनाऱ्याने दक्षिणेला जावं तशी भरती ठेंगणी होत जाते. गोव्यात उधाणालाही ती दोनेक मीटरच भरते. उत्तरेला खंभातच्या आखातात, भावनगरकडे, हाच चढ-उतार दहा मीटरपर्यंत जातो. मुंबई-खंभातसमोर समुद्रबूड जमीन तीनशे किलोमीटरहून अधिक रुंद आणि उथळ आहे, केरळकडे ती साठेक किलोमीटरवर येते. त्या रुंद उथळ पट्ट्यावर आणि आखाताच्या नरसाळ्यात भरतीची लाट फुगत जाते. म्हणजे वसईच्या खाडीला जेवढा जोर फुकट मिळतो तेवढा आचऱ्याच्या किंवा तेरेखोलच्या खाडीला मिळत नाही. दक्षिण कोकणातल्या खाड्यांनी तर आपलं पोट अधिकच जपायला हवं.

पोट म्हणजे काय, तर ओहोटीच्या पातळीपासून भरतीच्या पातळीपर्यंत खाडीत मावणारं पाणी. ओहोटीतही भरलेल्या खोल डोहांचं पाणी त्यात धरायचं नाही. दर भरतीला आत येतं आणि दर ओहोटीला मुखातून बाहेर जातं, तेवढंच मोजायचं. एक मध्यम खाडी धरू. भरतीला पाण्याखाली जाणारं क्षेत्र एक हजार हेक्टर, चढ-उतार सरासरी दोन मीटर. पोट झालं दोन कोटी घनमीटर. सव्वासहा तासांत हे सगळं पाणी मुखातून निघतं, म्हणजे सेकंदाला सरासरी नऊशे घनमीटरच्या आसपास. मुख २६० मीटर रुंद आणि सरासरी पाच मीटर खोल असेल तर त्याचा आडवा छेद १३०० चौरस मीटर. ओहोटीच्या मधल्या तासांत अशा मुखातून पाणी सेकंदाला मीटरभर वेगाने धावतं. वाळू उचलून बाहेर नेण्यासाठी साधारण एवढाच वेग लागतो. लाटा किनाऱ्याने वाळू आणत राहतात, ओहोटी ती ढकलत राहते आणि दोघांची बरोबरी होते तिथे मुखाची रुंदी-खोली ठरते. मुखाचा छेद आणि पोटातलं पाणी यांचं प्रमाण जवळजवळ ठरलेलं असतं, हे अमेरिकन अभियंता मॉरो ओब्रायन यांनी १९३१ मध्येच मांडलं आणि पुढे जगभरच्या खाड्यांवर ते तपासलं गेलं. आपल्याकडे पावसाळ्याचा लोंढा आणि खडकाळ टेकाडं आहेत, म्हणून आकडे आपल्या किनाऱ्यावर मोजूनच घ्यायला हवेत. पण नियमाची दिशा बदलत नाही.

आता त्या खाडीतलं शंभर हेक्टर खाजण भरू. भरतीला तिथे सरासरी मीटरभर पाणी उभं राहत होतं. गेलं दहा लाख घनमीटर, म्हणजे पोटाचा वीसावा भाग. दहा घनमीटरच्या डंपरने मोजायचं तर एक लाख डंपर पाणी, दर ओहोटीला, आणि वर्षात अशा सातशेहून अधिक ओहोट्या. एवढं पाणी मुखातून जायचं थांबलं की वेग पडतो आणि वाळू बसायला लागते. छेद वीसाव्या भागाने, म्हणजे ६५ चौरस मीटरने आवळला गेला की वेग पुन्हा पूर्वीइतका होतो आणि बसणं थांबतं. २६० मीटर रुंदीवर ही पाव मीटर खोली झाली. ज्या पट्ट्यावर ओहोटीला मीटर-सव्वा मीटर पाणी असतं, तिथे पाव मीटर म्हणजे होडी तरणं आणि टेकणं यांतला फरक. मुख उकरून छेद त्या प्रमाणापेक्षा मोठा केला तरी तेवढ्याच पाण्याला जागा जास्त मिळते, वेग पडतो आणि खाडी तो खड्डा स्वतःच भरून काढते. ड्रेजरच्या ठेकेदाराने चोख काम केलं तरी हेच होणार आहे.

हिशेब इथेच संपत नाही. जेवढं पाणी आत येतं तेवढंच बाहेर जातं, तर वाळू आत ढकलणारा जोर आणि बाहेर ढकलणारा जोर सारखेच असायला हवेत. प्रत्यक्षात ते नसतात. दोन्ही काठांना भिंती घातलेल्या उथळ, सरळ खाडीत भरती पटकन चढते आणि ओहोटी रेंगाळत उतरते. पाणी खोल असताना लाट वेगाने आत सरकते, उथळ झाल्यावर मंदावते, म्हणून हे घडतं. गाळ वाहून नेण्याची ताकद वेगापेक्षा कितीतरी झपाट्याने वाढते, त्यामुळे थोड्या वेळाची जोरदार भरती जास्त वेळाच्या मंद ओहोटीवर मात करते आणि गाळ आत-आत सरकत राहतो. काठाला खाजण, खारटाण आणि तिवरांचं रान असलं की डाव उलटतो. भरतीचं पाणी काठ ओलांडून पसरतं, चिप्पी आणि तिवर या खारफुटीच्या झाडांच्या मुळांमधून घासत जातं आणि तिथे थांबतं. मधल्या पात्रातली पातळी खाली गेल्यावर ते मागाहून उतरू लागतं, तेव्हा त्याला जायला अरुंद खोल पात्रच उरलेलं असतं. त्या वेळी ओहोटीचा वेग भरतीवर चढतो आणि गाळ बाहेर निघतो. म्हणजे काठाचा चिखल हा खाडीचा झाडू आहे. तो भरावाखाली गेला की नुसतं पाणी कमी होत नाही, झाडण्याची दिशाच फिरते. ज्या खाड्यांत वीस-तीस वर्षांत पात्र उथळ झाल्याची तक्रार आहे, तिथे आधी काठ काय झाले ते बघावं.

गाळ येतो कुठून हेही सांगायला हवं, कारण वरून येणाऱ्या गाळाकडे डोळेझाक करून हा युक्तिवाद पुरा होत नाही. कोकणात वर्षाचा जवळजवळ सगळा पाऊस चार महिन्यांत पडतो. डोंगर कापून केलेले रस्ते, चिऱ्याच्या खाणी, उतारावरची तोड यांतून सुटलेली माती त्या चार महिन्यांत खाली येते. चिकणमातीचे अतिसूक्ष्म कण गोड्या पाण्यात एकमेकांना दूर लोटतात म्हणून तरंगत राहतात. खारं पाणी लागलं की ते चिकटून गुठळ्या होतात आणि बसतात. पावसाळ्यात ही जागा मुखाकडे सरकते, कारण खाडी जवळजवळ गोडी होते. पाऊस ओसरला की खारं पाणी हळूहळू वर चढतं आणि गाळ बसण्याची जागाही वर सरकते. म्हणून एकदाच, तेही दिवाळीनंतर, खाडीचा तळ मोजून काढलेला नकाशा अर्धवट असतो.

पोट बुजवण्याचं सर्वांत ठळक उदाहरण मुंबईत आहे. माहीमची खाडी आणि मिठी. माहीम-वांद्रे जोडणारा बांध १८४५ मध्ये झाला, तेव्हाच मुख आवळलं गेलं. पुढे वांद्रे-कुर्ला संकुलासाठी मिठीकाठच्या खारटाणांवर भराव झाला, पात्राला काटकोनी वळणं मिळाली. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला आणि दुपारी तीनच्या सुमारास जवळजवळ साडेचार मीटरची भरती होती. एवढ्या पावसाला कुठलंही शहर पुरलं नसतं, हे मान्यच करू. पण भरतीने मुख दाबून धरलेल्या चार-पाच तासांत पावसाचं पाणी साठवायला जी जागा होती तीच आपण विकली होती. तेव्हापासून मिठीतून दर वर्षी गाळ काढला जातो आणि त्या गाळाच्या हिशेबाची चौकशी २०२५ मध्ये पोलिसांपर्यंत गेली. तरी २०२४ मध्ये मुंबईतल्या मिठागरांची सुमारे २५६ एकर जमीन घरांसाठी द्यायचा निर्णय झालाच. मिठागराला बांध असतो, त्यामुळे आज ते खाडीच्या पोटात धरता येत नाही, हे खरं. पण बांध फोडून जे पोट परत मिळू शकतं, त्यावर इमारत उभी राहिली की ते कायमचं गेलं.

मोठे भराव निदान दिसतात. लहान रस्त्यांनी होणारं नुकसान डोळ्यांत भरत नाही, म्हणून असा एक रस्ता जवळून बघावा. गावाकडून जेटीकडे जाणारा, खाजणातून टाकलेला मातीचा भराव. मधल्या ओहळावर पूल परवडत नाही म्हणून तीन ह्यूम पाइप, म्हणजे सिमेंटचे गोल पाइप, टाकलेले. मऊ चिखलात पाइप बसत नाही, म्हणून मुरूम टाकून तो ओहळाच्या तळापेक्षा दोन-अडीच फूट वर बसवला जातो. आता भरतीचं पाणी पाइपाच्या पातळीला चढल्यावरच आत जाणार, तेही तीन गोल भोकांतून, आणि ओहोटीला तळचं पाणी आतच अडकणार. रस्त्याच्या आतल्या बाजूला डबकं राहतं. तिवराची श्वसनमुळं चिखलातून वर येऊन ओहोटीच्या तासांत हवा घेतात. ती सतत बुडाली की झाड गुदमरतं, पानं पिवळी पडतात आणि वर्ष-दोन वर्षांत उभं रान वाळतं. मग पाहणीत तिथे ‘कांदळवन नाही’ अशी नोंद होते आणि भरावाची परवानगी सोपी होते. मुंबई उच्च न्यायालयाने १७ सप्टेंबर २०१८ च्या निकालात कांदळवनाची जमीन आणि भोवतीचा ५० मीटरचा पट्टा यांना संरक्षण दिलं. तो निकाल मोलाचा आहे. पण सगळ्यांचं लक्ष झाडावर राहिलं आणि झाडामागचं पाणी सुटलं. झाड नसलेल्या उघड्या चिखलालाही किनारा नियमनाच्या अधिसूचनेत संरक्षण आहे, तरी पाहणी करणाऱ्याला तो मोकळी पडीक जमीन वाटतो.

अवघड प्रश्न पुढेच आहे. खाडीचं पोट सर्वांत आधी आवळलं ते बिल्डरने नव्हे, शेतकऱ्याने. रायगडची खारभूमी, गोव्यातली सुमारे अठरा हजार हेक्टर खाजणं (तिथे हा शब्द बांध घातलेल्या शेतालाच वापरतात) ही सगळी बांध घालून समुद्राकडून घेतलेली शेतं आहेत. आमच्या मते त्यांना भरावाच्या पंगतीला बसवणं अन्यायाचं होईल. बाहेरकाठ्याच्या, म्हणजे खाडीकडच्या, बांधात पाणी सोडायची उघाडी असते, गोव्यात तिला मानस म्हणतात. बाहेरच्या बाजूला वरून टांगलेली लाकडी झडप. भरतीचं पाणी तिला दाबून बंद करतं, ओहोटीला आतलं पाणी तिला ढकलून उघडतं. माणूस लागत नाही, वीज लागत नाही. पण रोजची नजर लागते. ओंडका किंवा जाळ्याचा तुकडा अडकला, लाकडावर कालवं चढली, जिताडा आणि कोळंबी आत घ्यायला कुणी झडप अडकवून ठेवली, की खारं पाणी शेतात येतं. बांधाला खांड पडते तीही अशीच लहानाची मोठी होत. चिंबोरीचं बीळ, उधाणाला त्यातून झिरप, झिरपीबरोबर माती, आणि दोन उधाणांत गाडी जाईल एवढं भगदाड. ती बुजवायची तर भांगाचे चार-पाच दिवस हातात असतात. त्यात चिकणमाती, फांद्या, पेंढा आणि माणसं सगळं जागेवर हवं. पूर्वी गाव आणि बांधाची जबाबदारी असलेले शिलोत्रदार हे सांभाळत. १९४८ चा आणि मग १९७९ चा कायदा आला, बांध सरकारी खात्याकडे गेले आणि खांड आज पडली तरी काम अंदाजपत्रक मंजूर झाल्यावर. तोवर मिठाने दोन हंगाम खाल्लेले असतात. पेण-अलिबाग पट्ट्यात अशी कितीतरी शेतं आज खाऱ्या पाण्याखाली आहेत आणि तिथे तिवरं उगवली आहेत. शेतकऱ्याचं तर दोन्हीकडून मरण. भात पिकत नाही आणि तिवर उगवलं म्हणून बांधही नीट करता येत नाही.

इथे प्रत्येक बांधाचा वेगळा निर्णय घ्यावा लागेल. जिथे पिकणारं क्षेत्र मोठं आहे आणि शेतकऱ्याला ते पिकवायचंय, तिथे बांध पक्का करा, उघाडी बदला आणि देखभालीचा पैसा आणि अधिकार गावाच्या समितीला द्या, म्हणजे खांड त्याच भांगात बुजेल. जिथे वर्षानुवर्षं खारं पाणी आहे, तिथे ते तसंच राहू द्या, पण खाडीला पोट दिल्याबद्दल मालकाला मोबदला द्या. आज तो मोबदला शून्य आहे, म्हणून तो जमीन भराव करणाऱ्याला विकतो. त्याला दोष देता येत नाही.

आमच्या म्हणण्यावर दोन आक्षेप नेहमी येतात. पहिला असा की तिवरांमुळेच गाळ साठतो, ठाण्याच्या खाडीत पात्र आवळत चाललंय ते तिवरं वाढल्यामुळेच. कोळ्यांचं निरीक्षण बरोबर आहे, पात्र आवळतंय. पण तिवराचं रोप उगवायला आधी पुरेसा उंच चिखल लागतो. तो चिखल पुलांच्या खांबांमागे मंदावलेल्या पाण्याने, राडारोड्याने आणि सांडपाण्याने आणून दिला आणि तिवर त्यावर नंतर आलं. जिथे ते होडीच्या वाटेतच आलंय तिथे परवानगी घेऊन वाट मोकळी करायला हरकत नसावी. दुसरा आक्षेप चिपळूणचा, की तिथे गाळ काढणं हाच उपाय नव्हता का? २२ जुलै २०२१ च्या पुरानंतर वाशिष्ठीतला गाळ काढावा अशी मागणी लोकांनी लावून धरली आणि ती न्याय्य होती. शहरालगतचं पात्र मोकळं केल्याने पाण्याला वाट मिळते. पण भरतीच्या टापूच्या वर गाळ काढणं आणि भरतीच्या टापूत खाडी खोल करणं ही दोन वेगळी कामं आहेत. खारं पाणी जड असतं, ते तळाने पाचरीसारखं वर घुसतं. भरतीच्या टापूत तळ खोल केला की ती पाचर आणखी आत जाते आणि काठच्या विहिरी मचूळ होतात. शिवाय सक्शन पंपाने काठाजवळची रेती ओढली की काठाचा पायाच निघतो आणि नारळ-पोफळीची बाग मुळांसकट पाण्यात येते. हातपाटीने रेती काढणारा एवढा खोल जाऊ शकत नाही. परवान्यात हा फरक कागदावर असतो, खाडीत रात्री तो राहत नाही.

जेटीसमोरचा, बंदरातला गाळ काढावाच लागेल, त्याला पर्याय नाही. पण मुखातून काढलेली वाळू विकू नये. ती त्याच किनाऱ्याची आहे. ती विकली तर शेजारची पुळण झिजते आणि मग तिथे दगडी बंधाऱ्याची मागणी होते. वाळू ज्या बाजूला किनारा झिजतोय तिथे टाकावी. चिखल काठच्या खाजणात टाकायचा नाही, कारण तो टाकला तर तो भरावच झाला.

आणि मोजमाप. प्रत्येक खाडीत कायमच्या खुणा लावून दहा-पंधरा आडव्या रेषा ठरवाव्यात आणि त्यांवर खोली वर्षातून दोनदा मोजावी, एकदा मेच्या अखेरीस, एकदा पावसाळा सरल्यावर. मुखाशी, मध्यावर आणि वरच्या टोकाला भरतीची उंची मोजायच्या पट्ट्या बसवाव्यात. उधाणाच्या एका दिवशी मुखात सलग तेरा तास प्रवाह मोजावा, म्हणजे पोटाचा आकडा हातात येतो. याला लागणारा खर्च एका ड्रेजिंगच्या कामापुढे किरकोळ आहे. तो आकडा जाहीर झाला की भरावाच्या, रस्त्याच्या, जेटीच्या प्रत्येक अर्जात एक रकाना घालता येईल: या कामाने दर भरतीला खाडीत येणारं किती घनमीटर पाणी कमी होणार, आणि तेवढं पाणी त्याच खाडीत दुसरीकडे कुठे घेणार. ह्यूम पाइपच्या रस्त्यालाही तोच रकाना लागू. उत्तर देता येत नसेल तर ओहळावर पूल बांधावा, त्याचे खांब चिखलाच्या खाली कठीण थरापर्यंत न्यावेत आणि खालचा तळ आहे तसा उघडा ठेवावा.